नाव ऐकलंय? वामन भोसले!

राजारामपुरीतल्या एका छोट्याशा ऑफिसात माझा एक मित्र लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो. सीझन आला की रात्रीचे दोन-दोन वाजतात. डोळे लालभडक. त्यात घरी आईचा ठरलेला प्रश्न, 'शूटिंग तर दुसराच करतो, मग तू करतोस तरी काय?'

परवा रंकाळ्यावर भेळ खाताना तो वैतागून म्हणाला, 'सोडतोय यार. बँकेची परीक्षा देतो. एडिटरला विचारतंय कोण?'

मी विचारलं, 'वामन भोसले माहिताहेत?' त्यानं मान हलवली. नाही.

तुम्हालाही नसतील. पण 'मेरा गाँव मेरा देश', 'आंधी', 'कर्ज', 'हीरो', 'राम लखन', 'गुलाम' तर माहीत आहेत ना? या सगळ्यांवर कात्री चालवली ती या आपल्या गोव्याच्या माणसानं. १९५२ मध्ये ते नोकरीसाठी मुंबईत आले. डी. एन. पै यांच्याकडे काम शिकले, मग फिल्मिस्तानमध्ये वर्षानुवर्षं असिस्टंट. स्वतंत्र संकलक म्हणून पहिला सिनेमा आला तो राज खोसलांचा 'दो रास्ते', १९६९ मध्ये. म्हणजे मुंबईत पाऊल ठेवल्यावर तब्बल सतरा वर्षांनी! आपण दोन वर्षांत प्रमोशन नाही मिळालं तर रिझ्युमे अपडेट करायला घेतो.

आणि काम कसलं? तेव्हा माऊस नव्हता, 'अनडू' नव्हतं. सेकंदाला २४ फ्रेम्स. अर्धा सेकंद कमी करायचा तर १२ फ्रेम्स मोजून फिल्म खरोखरच कापायची आणि पुन्हा जोडायची. चुकलं, तर कापलेला तुकडा शोधत बसा! हिरोच्या चेहऱ्यावर किती वेळ थांबायचं, मारामारीत नेमकं कधी पलीकडे उडी मारायची, हे सगळं त्या टेबलावर ठरायचं. आणि चांगल्या कटची गंमत अशी, की तो दिसतच नाही.

गुरुदत्त शिराळी हे त्यांचे जोडीदार. 'इन्कार'च्या संकलनासाठी भोसल्यांना राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. एप्रिल २०२१ मध्ये ते गेले, तेव्हा बातमी वाचून अनेकांना पहिल्यांदाच कळलं, की आपण यांचे सिनेमे पाहतच मोठे झालोय.

मित्र ऐकत होता. बोलला काहीच नाही. बँकेचा फॉर्म त्यानं भरलाय, तेही खरं.

मागच्या रविवारी त्याच्या घरी गेले होते. टीव्हीवर त्याच्या मावसबहिणीच्या लग्नाचा व्हिडिओ चालू होता. पाठवणीला गाडी सुटते, आणि नंतर क्षणभर फक्त बापाचा रिकामा हात दिसतो. काकूंनी पदर डोळ्याला लावला. 'कॅमेरावाल्यानं काय सुंदर काढलंय बघ की!'

मी मित्राकडे पाहिलं. तो नुसता हसला.

'तो हात मूळ शूटिंगमध्ये आधीच होता,' नंतर जिन्यात म्हणाला. 'मी तो शेवटी नेला.'