मिस्टर हूपर परत का येणार नाहीत?

मुलांनो, समजा टीव्हीवरची एक मालिका तुम्हाला फार आवडते. त्यातले दुकानदार आजोबा तुमच्या अगदी ओळखीचे झाले आहेत. आणि एक दिवस आजोबांचं काम करणारे कलाकार खरोखरच मरण पावतात. आता मालिका बनवणाऱ्यांनी काय करावं?

तुम्ही म्हणाल, "त्यात काय! दुसरा नट आणायचा." किंवा, "आजोबा कायमचे गावी राहायला गेले, असं सांगायचं." मोठी माणसं पुष्कळदा असंच काहीतरी करतात. पण अमेरिकेतल्या एका मालिकेने तसं केलं नाही. तिने मुलांना खरं काय ते सांगितलं. कसं सांगितलं, ते आज पाहू या. आणि माणूस गेल्यावर आपल्या मनात काय काय होतं, तेही समजून घेऊ या. विषय थोडा जड आहे, पण घाबरू नका. वाटलं तर आईला किंवा बाबांना जवळ बसवून वाचा.

बिग बर्डची चित्रं

या मालिकेचं नाव 'सेसमी स्ट्रीट'. ती १९६९ साली सुरू झाली. आपल्याकडे २००६ साली तिचंच भावंड 'गल्ली गल्ली सिम सिम' या नावाने आलं होतं, हे तुमच्या ताई-दादांना आठवत असेल. सेसमी स्ट्रीटवर बिग बर्ड नावाचा एक पिवळाधमक पक्षी राहतो. उंची ८ फूट २ इंच, पण अक्कल मात्र सहा वर्षांच्या मुलाएवढी! त्याच गल्लीत मिस्टर हूपर यांचं दुकान होतं. बिग बर्डला त्यांचं नाव कधीच धड घेता यायचं नाही आणि हूपर आजोबा दर वेळी ते सुधारून द्यायचे. ते त्याच्यासाठी खास दाण्यांचं मिल्कशेक करायचे, त्याला गोष्टी वाचून दाखवायचे.

हूपर यांचं काम करणारे विल ली ७ डिसेंबर १९८२ रोजी हृदयविकाराने मरण पावले. मालिकेच्या मंडळींनी मानसतज्ज्ञांचा सल्ला घेतला आणि ठरवलं, की मुलांपासून हे लपवायचं नाही. भाग तयार झाल्यावर तो आधी काही लहान मुलांना दाखवून पाहिला. मग २४ नोव्हेंबर १९८३ रोजी तो प्रसारित केला. हा दिवसही विचार करून निवडला होता, बरं का! त्या दिवशी अमेरिकेत 'थँक्सगिव्हिंग'ची सुट्टी असते. आई-बाबा घरी असणार, मुलांनी काही विचारलं तर उत्तर द्यायला जवळ कोणीतरी असणार.

त्या भागात बिग बर्डने गल्लीतल्या सगळ्यांची चित्रं काढलेली असतात. तो ती एकेकाला वाटतो. सगळे खूश होतात. शेवटी एक चित्र उरतं, हूपर आजोबांचं. "ते आले की देईन," असं तो म्हणतो आणि सगळे एकदम गप्प होतात. मग मोठी माणसं त्याला आठवण करून देतात, की हूपर मरण पावले आहेत. बिग बर्ड म्हणतो, ठीक आहे, परत आल्यावर देईन! तेव्हा त्याला हळुवारपणे, पण अगदी स्पष्ट सांगितलं जातं, की मेलेलं माणूस परत येत नाही. कधीच नाही.

बिग बर्ड आधी गोंधळतो, मग रडवेला होतो, मग चिडतो. आता मिल्कशेक कोण करणार? गोष्टी कोण सांगणार? आम्ही करू, आम्ही सांगू, असं सगळे म्हणतात. पण ते पूर्वीसारखं नसेल, असं तो म्हणतो. आणि मोठी माणसंही कबूल करतात, की हो, पूर्वीसारखं नसेल. असं का व्हावं, या त्याच्या प्रश्नाला तर मोठ्यांकडेही उत्तर नसतं. ती चित्रं बिग बर्डचं काम करणाऱ्या कॅरोल स्पिनी यांनी स्वतः काढली होती आणि त्या प्रसंगात कलाकारांच्या डोळ्यांत आलेलं पाणी खरं होतं.

चार अवघड गोष्टी

सहा वर्षांच्या बिग बर्डला "परत येणार नाहीत" हे लगेच का कळलं नाही? तो ढ होता म्हणून? मुळीच नाही. मृत्यू ही गोष्ट समजायला अवघडच असते.

हंगेरीतल्या मारिया नॉज या संशोधक बाईंनी ३ ते १० वर्षांच्या ३७८ मुलांना मृत्यूबद्दल काय वाटतं, ते विचारलं होतं. त्यांचा अभ्यास १९४८ साली प्रसिद्ध झाला. अगदी लहान मुलांना मरण म्हणजे झोप किंवा दूरचा प्रवास वाटत असे. त्याहून थोड्या मोठ्या काही मुलांना वाटे, की मृत्यू नावाचा कोणीतरी येतो आणि माणसांना पकडून नेतो.

पुढे अनेकांनी असे अभ्यास केले. त्यांतून दिसलं, की मृत्यू पुरता कळायला चार गोष्टी कळाव्या लागतात. पहिली, मेलेलं माणूस परत येत नाही. दुसरी, त्याच्या शरीराचं काम पूर्ण थांबतं; त्याला भूक लागत नाही, थंडी वाजत नाही, दुखत नाही. तिसरी, प्रत्येक सजीव कधीतरी मरतो. आणि चौथी, मृत्यूला आजार, अपघात किंवा म्हातारपण असं काहीतरी शरीराचं कारण असतं. यातल्या पहिल्या तीन गोष्टी बहुतेक मुलांना साधारण पाच ते सात वर्षांच्या सुमारास उमगू लागतात. म्हणून तुमच्या चार वर्षांच्या बहिणीने "आजोबा दिवाळीला येतील ना?" असं दहादा विचारलं, तर रागावू नका. दहाही वेळा तिला खरं उत्तर द्या.

माझ्यामुळे तर नाही ना?

चौथी गोष्ट नीट कळली नाही, तर मुलांच्या मनात एक भीती शिरते. "मी आजीशी भांडलो, म्हणून तर आजी गेली नसेल?" "मी रागाने 'मर' म्हटलं होतं..." अशी भीती मुलं कोणालाच सांगत नाहीत. आतल्या आत कुढत राहतात.

तुमच्यापैकी कोणाच्या मनात असं काही असेल, तर हे वाक्य दोनदा वाचा. रागाने बोललेल्या शब्दाने किंवा मनात आलेल्या विचाराने कोणीही मरत नाही. भांडणं सगळ्याच घरांत होतात. ज्यांच्यावर आपण प्रेम करतो, त्यांच्याशीच जास्त होतात! तरीही मन खात असेल, तर एका विश्वासाच्या मोठ्या माणसाला सांगून टाका.

श्रावणासारखं दुःख

आणखी एक गोष्ट मुलांना खुपते. घरात सगळे रडत असतात आणि आपल्याला क्रिकेट खेळावंसं वाटतं. एखाद्या विनोदाला खुदकन हसू येतं. मग वाटतं, आपण वाईट आहोत का?

नाही हो! श्रावण आठवा. आता सर येते, घटकाभराने ऊन पडतं, परत सर येते. मुलांचं दुःख बरंचसं तसंच असतं. आणि मोठ्यांचंही! मार्गारेट स्ट्रोबे आणि हेंक स्खुट या नेदरलँड्समधल्या मानसशास्त्रज्ञांनी १९९९ साली हेच मांडलं. त्यांच्या मते दुःखातलं माणूस एकसारखं दुःखात बुडून राहत नाही. कधी ते आठवणींत जातं, रडतं. कधी रोजच्या कामांत लागतं, नव्या गोष्टी शिकतं. असं इकडून तिकडे जाण्यानेच मन सावरतं. तेव्हा खेळावंसं वाटलं तर खुशाल खेळा. रडू आलं तर रडा. "मुलगे रडत नाहीत" हे तर साफ खोटं आहे.

तुम्ही कुठेतरी "दुःखाच्या पाच पायऱ्या" असंही ऐकलं असेल. नकार, राग, विनवणी, नैराश्य, स्वीकार. एलिझाबेथ क्युबलर-रॉस या डॉक्टर बाईंनी १९६९ साली एका पुस्तकात त्या मांडल्या. पण त्या वेळी त्या बोलल्या होत्या असाध्य आजाराने मरणाच्या दारात असलेल्या रुग्णांशी. मागे राहिलेल्यांना त्या पायऱ्या नंतर लावल्या गेल्या. त्यामुळे "मला अजून राग कसा आला नाही?" असा हिशेब करत बसू नका. दुःखाचं काही वेळापत्रक नसतं.

विसरायला हवं का?

"आता विसर ते सगळं," असं मोठी माणसं मायेने म्हणतात. पण अमेरिकेत बॉस्टनजवळच्या ७० कुटुंबांतल्या १२५ मुलांचा एक अभ्यास झाला. या मुलांची आई किंवा वडील वारले होते. पुष्कळ मुलं त्यांच्याशी मनातल्या मनात बोलत होती, त्यांची एखादी वस्तू जपून ठेवत होती, त्यांची स्वप्नं पाहत होती. त्यात आजारपणाचं काही नव्हतं. गेलेल्या माणसाशी मुलं नव्याने नातं जुळवत होती.

आपल्याकडे वर्षश्राद्ध असतं, मुस्लिम घरांत चाळिसावा असतो, ख्रिस्ती घरांत आठवणीचा मिस्सा असतो. त्या त्या दिवशी चार माणसं जमतात आणि गेलेल्याविषयी बोलतात. तुम्हीही आजीच्या हातची पुरणपोळी कशी असायची, ते वहीत लिहून ठेवू शकता. हूपर आजोबांचं चित्र बिग बर्डने असंच आपल्या घरट्याजवळ टांगून ठेवलं.

आई-बाबांसाठी

मुलाला सांगताना "वारले", "मरण पावले" असे स्पष्ट शब्द वापरा. "झोपले" म्हटलं, तर लहान मूल झोपायला घाबरतं. "गावाला गेले" म्हटलं, तर वाट पाहतं. "देवाघरी गेले" ही आपली श्रद्धा असेल तर जरूर सांगा, पण सोबत हेही सांगा, की त्यांचं शरीर आता चालत नाही आणि ते परत येणार नाहीत. "आजारी होते म्हणून गेले," एवढंच सांगू नका. नाहीतर साध्या सर्दीलाही मूल घाबरेल. तो आजार फार मोठा, वेगळा होता, हे सांगा.

मुलांना सरसकट शेजारी पाठवून देऊ नका. अंत्यदर्शनाला काय दिसेल, ते आधी समजावून सांगा. यायचं की नाही, ते त्यांना ठरवू द्या, जबरदस्ती नको. आणि तुमचे अश्रू त्यांच्यापासून लपवू नका. दहा वर्षांच्या मुलाला "आता तूच घरातला कर्ता" असं तर चुकूनही म्हणू नका.

बरेच आठवडे झोप, जेवण, शाळा सगळं बिघडलेलं असेल किंवा "मलाही मरायचंय" असं मूल म्हणत असेल, तर लगेच डॉक्टरांना भेटा. सरकारच्या 'टेलि-मानस' सेवेचा १४४१६ हा क्रमांकही आहे. तिथे मराठीतही बोलता येतं.

आणि वर्गातल्या दोस्तासाठी

आता तुमच्याकडे एक काम. तुमच्या वर्गातला एखादा दोस्त घरी कोणी वारल्यामुळे काही दिवस शाळेत येत नाही. मग तो परत येतो. काय बोलावं ते कळत नाही, म्हणून सगळे त्याला टाळतात. त्याला वाटतं, आपलं काहीतरी चुकलं.

तसं होऊ देऊ नका. जवळ जा. "तुझ्या बाबांचं ऐकलं. मला खूप वाईट वाटलं," एवढं म्हटलं तरी पुष्कळ आहे. बुडलेला अभ्यास उतरवून घ्यायला तुमच्या वह्या द्या. डबा खायला त्याला तुमच्यात बसवा. त्याला बोलायचं असेल तर ऐका. नसेल तर चेंडू घेऊन मैदानावर चला. आणि महिन्याभराने, सगळे विसरून गेल्यावर, त्याला पुन्हा एकदा विचारा, "कसा आहेस रे?"