थांबून पाहणारा कॅमेरा

चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट पाहिलेल्या पिढीच्या मनात माहितीपट म्हणजे पडद्याआडून सारे समजावून सांगणारा भारदस्त आवाज, हे समीकरण पक्के बसले आहे. निरीक्षणात्मक माहितीपट हा आवाजच काढून टाकतो. त्यात निवेदन नसते, प्रसंग मुद्दाम घडवून आणले जात नाहीत, माणसे आपापल्या कामात असतात आणि कॅमेरा त्यांच्यासोबत थांबून राहतो. १९६०च्या सुमारास खांद्यावर पेलणारे कॅमेरे आणि चित्राशी जुळवून आवाज टिपणारी सुटसुटीत यंत्रे आली, तेव्हा अमेरिकेत रिचर्ड लीकॉक, डी. ए. पेनेबेकर प्रभृतींनी ही पद्धत रुजवली.

मराठी मुलखातील तिचे उत्तम उदाहरण म्हणजे शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' (२०१६). जत्रांमधून तंबू ठोकणाऱ्या टुरिंग टॉकीजमागे हे दोघे कित्येक वर्षे फिरले आणि कान महोत्सवात या चित्रपटाची विशेष दखल घेतली गेली. रिळांची वाट पाहत तंबूबाहेर ताटकळलेली गर्दी असो, की जुन्या प्रोजेक्टरचे सुटे भाग निरखणारा कारागीर, कॅमेरा कशातच घाई करत नाही. रिळाची जागा डिजिटल यंत्राने घेतली, हे एका वाक्यात सांगता आले असते. परंतु ज्या यंत्रावर संसार चालला, ते मोडीत निघताना मालकावर काय गुदरते, ते कोणत्याही निवेदनाच्या आवाक्याबाहेरचे आहे.

आर्या रोठे आणि त्यांच्या दोन सहदिग्दर्शिकांचा 'अ रायफल अँड अ बॅग' (२०२०) आत्मसमर्पण केलेल्या आदिवासी नक्षलवादी जोडप्याच्या घरात असाच थांबतो. तेथे चकमकी दिसत नाहीत. मुलाच्या शाळेसाठी लागणाऱ्या जातप्रमाणपत्रासाठीची वणवण दिसते, आणि शासन व आदिवासी यांच्यातील अंतर त्या एका कागदातून उलगडते.

अर्थात हा कॅमेरा तटस्थ असतो, असे मानणे भाबडेपणाचे ठरेल, कारण कोठे उभे राहायचे आणि संकलनात काय गाळायचे, हे दिग्दर्शकच ठरवतो. म्हणून चित्रित होणाऱ्यांची संमती आणि त्यांचा विश्वास ही या पद्धतीची पहिली अट आहे.

असे थांबून पाहण्याजोगे विषय आपल्या आसपासही आहेत. लातूर-बार्शी रस्त्यावरील मुरुडच्या परिसरात, मोंढ्यावर म्हणजे धान्यबाजारात, सोयाबीनच्या हंगामात हमाल, मापाडी आणि आडते यांचा दिवस कसा उजाडतो आणि मावळतो, हे कॅमेऱ्याने शांतपणे टिपायला हवे. चांगला मोबाइल आता गावोगाव आहे; येथील तरुणांनी एकदा परवानगी घेऊन मोंढ्यावर पूर्ण हंगाम काढावा.