आजार दाखवायचा की माणूस? माहितीपट आणि आपला वर्ग



गेल्या वर्षी माझ्या वर्गातल्या एका मुलीच्या ओठाजवळ आणि बोटांवर पांढरे डाग दिसू लागले. खिचडीच्या पंगतीत तिच्या दोन्ही बाजूंच्या जागा रिकाम्या राहू लागल्या. एक आई येऊन म्हणाली, "मॅडम, माह्या पोरीले तिच्याजवळ नका बसवू." वाद नको म्हणून मी जागा बदलून दिली. ती चूक माझीच होती.

हे डाग म्हणजे कोड. त्वचेला रंग देणाऱ्या पेशी नष्ट झाल्या की तिथली त्वचा पांढरी पडते. बहुतेक वेळा शरीराची स्वतःची प्रतिकारशक्तीच या पेशींवर उलटते. कोड स्पर्शाने, जेवणाने, एकत्र बसल्याने पसरत नाही. तो कुष्ठरोगही नव्हे. कुष्ठरोगाच्या चट्ट्यावर संवेदना कमी होते, कोडात ती शाबूत असते. डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी अमरावतीत कुष्ठरुग्णांसाठी तपोवन उभारलं, त्या जिल्ह्यात तरी हा फरक प्रत्येक घरी माहीत असायला हवा. आणि कुष्ठरोगही औषधाने पूर्ण बरा होतो, हेही मुलांना सांगायलाच हवं. नाहीतर एकाची भीती काढताना आपण दुसऱ्याची वाढवतो.

हे सगळं मी फळ्यावर लिहून समजावलं. मुलांनी वहीत उतरवून घेतलं, पण जागा रिकाम्याच राहिल्या. माहिती पोचली होती, माणूस पोचला नव्हता.

इथे मला सुमित्रा भावे आठवल्या. त्या मूळच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. ज्या बायकांवर संशोधन करायचं, त्यांनाच तो अहवाल वाचता येत नाही, ही अडचण त्यांच्यासमोर होती. म्हणून सिनेमाचं शिक्षण नसतानाही त्यांनी १९८५ मध्ये वस्तीतल्या एका बाईवर 'बाई' हा लघुपट केला. पुढे सुनील सुकथनकर यांच्यासोबत त्यांनी स्किझोफ्रेनियावर 'देवराई' आणि कोडावर 'नितळ' हे चित्रपट केले. 'नितळ'मागे पुण्याच्या डॉ. माया तुळपुळे यांचा पुढाकार होता. त्यांना स्वतःला कोड आहे आणि त्या 'श्वेता' संस्थेमार्फत कोड असलेल्यांसाठी काम करतात. हे दोन्ही कथापट आहेत, माहितीपट नव्हेत. पण पद्धत शिकण्यासारखी आहे: आधी माणसांजवळ बसायचं, ऐकायचं, कॅमेरा नंतर. 'नितळ'ची नायिका डॉक्टर आहे, हुशार आहे, तिच्या अंगावर डाग आहेत. प्रश्न डागांचा कमी आणि बघणाऱ्यांच्या नजरेचा जास्त.

दीर्घ आजारावरची फिल्म इथेच वेगळी पडते. ताप येतो आणि जातो, पण कोड, सिकलसेल, मधुमेह, दमा यांच्यासोबत मूल रोज शाळेत येतं. त्यामुळे 'आजार झाला, औषध घेतलं, बरा झाला' ही गोष्ट तिथे चालत नाही. त्याचा रोजचा दिवस दाखवावा लागतो.

आम्ही मोबाईलवर चार मिनिटांची फिल्म केली. आधी आईवडिलांना विचारलं, मग तिला. ती म्हणाली, "तोंड नको मॅडम, हात चालतीन." म्हणून फिल्ममध्ये तिचे हात आहेत: रांगोळी काढणारे, गणित सोडवणारे, धाकट्या भावाचा शर्ट लावून देणारे. आवाज तिचाच. तयार झाल्यावर पहिल्यांदा तिनेच पाहिली आणि एक तुकडा काढायला लावला. आम्ही काढला.

तुम्ही करणार असाल तर एवढं पाळा:

१. परवानगी पालकांची आणि मुलाचीही. 'नाही' म्हटलं की विषय संपला.
२. आजाराची माहिती आधी डॉक्टरांकडून तपासून घ्या.
३. रडका चेहरा, दुःखी संगीत नको. दयेने कोणी शेजारी बसत नाही.
४. 'हमखास बरं होतं' असं म्हणू नका. कोडावर मलमं, प्रकाशोपचार आहेत, पण गुण प्रत्येकाला सारखा येत नाही.
५. फिल्म ग्रुपवर टाकू नका. वर्गात दाखवा आणि लगेच मुलांशी बोला.

आपल्या तिवसा तालुक्यातच गुरुकुंज मोझरी आहे. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी खंजिरीच्या साथीने गावोगाव स्वच्छता आणि आरोग्य सांगितलं. लोकांना कळेल असं साधन त्यांनी हाती घेतलं. आज ते साधन आपल्या खिशात आहे.

फिल्मनंतर पंगतीत लगेच गर्दी झाली नाही. दोन मुली येऊन बसल्या, तिसरी आठवड्याने आली. रांगोळीचा तो पक्षी कसा काढायचा, हे तिला विचारायचं होतं.