विष ओळखतं कोण?

डहाणू-तलासरीत भाताची लावणी सुरू झाली की बांधावर, चिकूच्या वाडीत आणि रात्री जमिनीवर अंथरलेल्या गोधडीतसुद्धा सर्पदंशाचा धोका वाढतो. त्याबरोबर दोन समज कानावर येतात: एकदा चावून वाचलेल्याला पुन्हा विष बाधत नाही आणि दवाखान्यातली 'सापाची लस' कुठल्याही सापावर चालते. दोन्हींच्या मुळाशी एकच चूक आहे. प्रतिकारशक्ती म्हणजे अंगातली ताकद, असं आपण धरून चालतो. खरं तर ती ओळखण्याची क्षमता आहे आणि ही ओळख एकेका रेणूपुरती नेमकी असते.

विष शिरल्यावर पेशी त्याचा आकार बघून शिकतात, हेही खरं नाही. बी आणि टी या प्रतिकारपेशींवरचे ग्राहक, म्हणजे ओळख पटवणारे रेणू, विष येण्याच्या कितीतरी आधी, जनुकांचे तुकडे वाटेल तसे जुळवून तयार झालेले असतात. बी पेशींमधली ही जुळवाजुळव उलगडल्याबद्दल सुसुमु तोनेगावा यांना 1987 चं नोबेल मिळालं. ज्या थोड्या बी पेशींचा ग्राहक विषाच्या प्रथिनाच्या घडीवर बसतो, त्या ते अख्खं प्रथिन पकडून आत ओढतात, त्याचे बारीक तुकडे करतात आणि एमएचसी नावाच्या रेणूवर ठेवून पृष्ठभागावर मांडतात. टी पेशीला अख्खं प्रथिन ओळखताच येत नाही; तिला कळतो तो असा मांडलेला तुकडाच. (टी पेशीची ओळख आपल्याच एमएचसीशी बांधलेली असते, हे डोहर्टी आणि झिंकरनागेल यांनी 1974 मध्ये दाखवलं.) तिचा दुजोरा मिळाला की बी पेशी जोमानं वाढून विषाला चिकटणारी नेमकी प्रतिपिंडं बनवू लागतात. या सगळ्याला कित्येक दिवस लागतात. मण्यारीचं विष मात्र काही तासांत श्वासाचे स्नायू लुळे पाडतं.

यावर कोणी म्हणेल, घोड्याला विष टोचून प्रतिपिंडं मिळवता येतात, मग चावून वाचलेल्या माणसात ती का नसावीत? थोडी असूही शकतात. पण घोड्याला सोसेल इतकं विष कित्येक आठवडे, मात्रा वाढवत दिलेलं असतं. एका दंशानं तेवढा साठा होत नाही आणि झालेला कालांतरानं ओसरतो. 'भगताच्या औषधानं माणसं बरी होतात, ते कसं?' हा प्रश्नही रास्त आहे. बरेच साप बिनविषारी असतात आणि विषारी साप दर वेळी विष सोडतोच असं नाही. ती माणसं कशीही वाचली असती. ज्याच्या अंगात विष खरोखर भिनलंय, त्याचे तास मात्र या खात्रीपायी वाया जातात, आणि म्हणूनच हा गैरसमज जिवावर बेततो.

दवाखान्यात मिळतं ते प्रतिविष ही लसच नव्हे. ती घोड्याची तयार प्रतिपिंडं आहेत. आल्बेर काल्मेत यांनी 1890 च्या दशकात नागाच्या विषावर असं रक्तद्रव्य बनवलं तेव्हा ते सर्व सापांवर चालेल अशी त्यांची अपेक्षा होती. पण 20 व्या शतकाच्या सुरुवातीला मुंबईच्या प्लेग प्रयोगशाळेत, म्हणजे आजच्या हाफकिन संस्थेत, जॉर्ज लॅम्ब यांना ते घोणसीच्या विषापुढे निष्प्रभ आढळलं. आजचं भारतीय प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांच्या विषांवर बनतं. सह्याद्रीतला हिरवा चापडा त्यात नाही. साप दिसलाच नसेल तरी उपचार अडत नाहीत. डॉक्टर कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत थोडं ताजं रक्त घेऊन ती 20 मिनिटं न हलवता ठेवतात आणि मग हळूच कलती करतात. रक्त पातळच राहिलं तर घोणस किंवा फुरशाच्या विषानं गोठण्याची क्रिया मोडली आहे, असं धरून प्रतिविष सुरू होतं. नागाची किंवा मण्यारीची बाधा ओळखायची ती जड झालेल्या पापण्यांवरून. लहान मुलाला निम्मा डोस पुरेल, हा समजही सोडायला हवा. प्रतिपिंडं रुग्णाच्या वजनाला नव्हे, विषाला चिकटतात आणि साप मूल बघून कमी विष सोडत नाही. म्हणून मुलालाही मोठ्यांइतक्याच कुप्या द्याव्या लागतात.