गृहकर्जाची खरी किंमत : हप्त्यापलीकडचा हिशेब

‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ ही म्हण रूढ झाली, त्या काळी घर बांधणे म्हणजे विटा, लाकूड, चुना आणि गवंड्याची मजुरी यांची जुळवाजुळव होती. आज या यादीत आणखी एका घटकाची भर पडली आहे आणि पुष्कळदा तोच सर्वांत महाग ठरतो. हा घटक म्हणजे कर्जावरील व्याज.

गृहकर्जासाठी बँकेत येणारे बहुतेक ग्राहक दोन प्रश्न विचारतात. कर्ज किती मिळेल आणि हप्ता किती बसेल? दोन्ही प्रश्न रास्तच आहेत. परंतु कर्ज संपूर्ण फिटेपर्यंत खिशातून एकूण किती रक्कम जाईल, हा तिसरा प्रश्न क्वचितच विचारला जातो. वस्तुतः घराची खरी किंमत याच तिसऱ्या प्रश्नाच्या उत्तरात दडलेली असते.

हप्त्याची घडण

समान मासिक हप्ता, म्हणजेच ईएमआय, दरमहा सारखाच असतो. मात्र त्याचे अंतरंग दरमहा बदलत असते. प्रत्येक हप्त्यातून प्रथम त्या महिन्याचे व्याज वळते होते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. आरंभी मुद्दल मोठे असल्याने व्याजाचा वाटा मोठा असतो. पुढे मुद्दल घटत जाते, तसा व्याजाचा वाटा आक्रसतो आणि मुद्दलाचा वाढतो.

एक उदाहरण पाहू. ३० लाख रुपयांचे कर्ज, व्याजदर सालीना ८.५ टक्के आणि मुदत २० वर्षे. याचा मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये होतो. पहिल्या महिन्याचे व्याजच २१,२५० रुपये असते, म्हणजे त्या हप्त्यातून मुद्दलाची फेड होते ती अवघी ४,७८५ रुपयांची. पहिल्या वर्षात कर्जदार सुमारे ३ लाख १२ हजार रुपये भरतो. पण त्याचे कर्ज ६० हजारांहूनही कमी रकमेने घटते.

दहा वर्षे लोटली की अर्धी मुदत संपते. साहजिकच अर्धे कर्ज फिटले असावे, असा समज होतो. प्रत्यक्षात तोवर ३१ लाखांहून अधिक रुपये भरूनही सुमारे २१ लाखांचे मुद्दल शिल्लकच असते. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होण्यास १४३ वा हप्ता उजाडावा लागतो आणि निम्मे कर्ज फिटते ते तेरा वर्षे दहा महिन्यांच्या सुमारास. यात कोणतीही लबाडी नाही. घटत्या शिल्लक रकमेवरील व्याजाचे हे साधे गणित आहे. मात्र ते ठाऊक नसलेल्या कर्जदाराला काही वर्षांनी खातेउतारा पाहून धक्का बसतो.

येथे आणखी एक भेद ध्यानात घ्यावा. ‘सरसकट दर’ आणि ‘घटत्या शिल्लक रकमेवरील दर’ हे एकच नव्हेत. याच कर्जावर ८.५ टक्क्यांनी सरसकट व्याज आकारले, तर वीस वर्षांचे व्याज ५१ लाख रुपये होईल. घटत्या पद्धतीने ते ३२ लाख ४८ हजारांच्या आसपास राहते. म्हणून दर ऐकताच तो कोणत्या पद्धतीचा, हे विचारून घेणे अगत्याचे.

मुदतीचे मोल

हप्ता हलका व्हावा म्हणून मुदत वाढवून घेण्याकडे अनेकांचा कल असतो. त्या हलकेपणाची किंमत पुढील कोष्टकावरून स्पष्ट होईल. कर्ज तेच, ३० लाखांचे, आणि दरही तोच, ८.५ टक्के.

मुदत | मासिक हप्ता | एकूण व्याज
१० वर्षे | ३७,१९६ रु. | १४.६३ लाख रु.
१५ वर्षे | २९,५४२ रु. | २३.१८ लाख रु.
२० वर्षे | २६,०३५ रु. | ३२.४८ लाख रु.
३० वर्षे | २३,०६७ रु. | ५३.०४ लाख रु.

वीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेतल्यास हप्ता जेमतेम २,९६८ रुपयांनी उतरतो. व्याज मात्र साडेवीस लाखांहून अधिक वाढते. उलटपक्षी, दरमहा सुमारे साडेतीन हजार रुपये जास्त भरण्याची तयारी असेल, तर वीस वर्षांचे कर्ज पंधरा वर्षांत फिटते आणि ९ लाख ३० हजारांच्या आसपास व्याज वाचते. याचा अर्थ प्रत्येकाने लहान मुदत घ्यावी असा नव्हे. तरुण वयात उत्पन्न बेताचे असताना मोठी मुदत हाच व्यवहार्य मार्ग असू शकतो. परंतु पगार वाढेल तसा हप्ताही वाढवीत नेण्याचा निश्चय त्याच वेळी केला, तर मोठ्या मुदतीची झळ बरीच कमी होते.

व्याजदर बदलतो तेव्हा

बहुसंख्य गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, बहुतांशी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडलेली आहेत. रेपो दर मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अल्प काळात ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. २०२५ मध्ये तो पुन्हा उतरू लागला. वीस वर्षांच्या प्रवासात असे चढउतार अटळ आहेत.

दर वाढल्यावर दोन मार्ग असतात : हप्ता वाढविणे अथवा मुदत वाढविणे. हप्ता तोच राहिला की दरवाढ जाणवत नाही. म्हणून दुसरा मार्ग सोपा वाटतो. आता वरच्याच उदाहरणात कर्जाच्या आरंभीच दर ८.५ वरून ९.५ टक्के झाला आणि पुढे तेवढाच राहिला, असे समजू. हप्ता वाढविल्यास तो २७,९६४ रुपये होतो. दरमहा १,९२९ रुपयांचा बोजा वाढतो आणि वीस वर्षांत एकूण ४ लाख ६३ हजार रुपये जास्त जातात. हप्ता न बदलता मुदत वाढविल्यास २४० ऐवजी सुमारे ३०९ हप्ते भरावे लागतात आणि जादा रक्कम होते पावणेअठरा लाखांहून अधिक! अडतिसाव्या वर्षी कर्ज घेणारा नोकरदार अठ्ठावन्नाव्या वर्षी कर्जमुक्त व्हायचा, तो चौसष्टीच्या उंबरठ्यापर्यंत हप्ते भरीत राहतो. आणि त्यांतील अखेरचे हप्ते वेतनातून नव्हे, तर निवृत्तीच्या पुंजीतून जातात.

याहून बिकट स्थितीही संभवते. ७ टक्क्यांनी घेतलेल्या ३० लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जाचा हप्ता २३,२५९ रुपये असतो. दर ९.५ टक्क्यांवर गेला, तर ३० लाखांवरील एका महिन्याचे व्याजच २३,७५० रुपये होते. म्हणजे हप्ता नियमित भरूनही व्याज पुरते फिटत नाही आणि कर्ज घटण्याऐवजी वाढू लागते.

हा धोका ओळखून रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी स्पष्ट निर्देश दिले. दर बदलल्यास त्याचा हप्त्यावर वा मुदतीवर होणारा परिणाम कर्जदाराला कळविणे, हप्ता वाढविणे, मुदत वाढविणे किंवा दोहोंचा मेळ घालणे हे पर्याय त्याला देणे आणि मुदतवाढीमुळे कर्ज वाढत जाणार नाही याची दक्षता घेणे हे बँकांवर बंधनकारक आहे. दर तिमाहीच्या विवरणात तोवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर यांचा उल्लेख असावा लागतो. ग्राहकांनी हे विवरण बाजूला न ठेवता त्यातील ‘उरलेले हप्ते’ हा आकडा अवश्य पाहावा. हप्ता स्थिर दिसत असताना मुदत वाढली असेल, तर ती येथेच उघड होते.

मुदतपूर्व परतफेड

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीसाठी बँकांनी शुल्क आकारू नये, असा आदेश रिझर्व्ह बँकेने जून २०१२ मध्ये दिला. या सवलतीचा लाभ किती होतो, हे रक्कम केव्हा भरली यावर अवलंबून असते.

आपल्या उदाहरणातील कर्जदाराने पहिल्या वर्षाअखेर २ लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर सुमारे ३४ हप्ते कमी होतात आणि पावणेसात लाखांहून अधिक व्याज वाचते. हीच रक्कम पंधराव्या वर्षाअखेर भरली, तर ११ हप्ते कमी होऊन जेमतेम ९४ हजारांची बचत होते. रक्कम तीच, परंतु काळ वेगळा. म्हणूनच बोनस, वेतनवाढीची थकबाकी अथवा मुदत ठेवीची परिपक्व रक्कम सुरुवातीच्या वर्षांत कर्जाकडे वळविणे अधिक फलदायी ठरते.

मात्र दोन पथ्ये पाळावीत. रक्कम भरताना हप्ता कमी करायचा की मुदत, हे बँकेला लेखी कळवावे. व्याजाची मोठी बचत मुदत घटविण्यातच आहे. दुसरे असे की, आजारपण किंवा नोकरीतील खंड यांसाठी किमान सहा महिन्यांच्या खर्चाची तरतूद हाताशी ठेवूनच जादा रक्कम भरावी. कर्जात गेलेला पैसा अडीअडचणीला चटकन परत मिळत नाही.

व्याजाखेरीजचा खर्च

प्रक्रिया शुल्क व त्यावरील १८ टक्के वस्तू व सेवा कर, मालमत्तेच्या कागदपत्रांची कायदेशीर छाननी, मूल्यांकन, गहाणखताचे मुद्रांक शुल्क आणि विमा हे खर्चही कर्जाचाच भाग होत. मुद्रांक शुल्काचे दर राज्यागणिक वेगळे असतात. त्यामुळे पुण्यातील नातेवाइकाचा अनुभव इंदूर किंवा बडोद्यातील ग्राहकाला जसाच्या तसा लागू पडेलच असे नाही.

विम्याचा एकरकमी हप्ता अनेकदा कर्जाच्या रकमेतच मिळविला जातो. तसे केल्यास एक लाखाचा विमा ८.५ टक्के दराने वीस वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. कुटुंबाच्या दृष्टीने विम्याचे संरक्षण मोलाचे आहेच. पण त्याचे पैसे वेगळे भरता येतील का, याचा विचार करावा.

बांधकाम सुरू असलेल्या इमारतीत घर घेणाऱ्यांनी हप्तापूर्व व्याजाची जाण ठेवावी. कर्ज टप्प्याटप्प्याने वितरित होत असताना केवळ व्याज भरले जाते आणि मुद्दल जागचे हलत नाही. दोन वर्षे सरासरी १५ लाख रुपये वितरित असतील, तर या काळात २ लाख ५५ हजार रुपये व्याजापोटी जातात. जोडीला राहत्या जागेचे भाडे सुरूच असते.

या सर्व खर्चाचे एकत्रित चित्र आता एकाच कागदावर मिळू शकते. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसोबत मुख्य तथ्य विवरण देणे बंधनकारक आहे. त्यातील ‘वार्षिक टक्केवारी दर’ हा व्याज आणि शुल्क मिळून येणारा दर असतो. ३० लाखांच्या कर्जावर ३० हजार रुपये शुल्क असेल, तर ८.५ टक्क्यांचे कर्ज वास्तवात सुमारे ८.६ टक्क्यांना पडते. दोन प्रस्तावांची तुलना करताना हाच दर प्रमाण मानावा.

प्राप्तिकर आणि महागाई

करसवलतीमुळे कर्ज स्वस्त पडते, हा युक्तिवाद नेहमी ऐकू येतो. तो अंशतःच खरा आहे. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला कमाल २ लाख रुपयांपर्यंत वजावट मिळते. नव्या करप्रणालीत अशा घरासाठी ती मिळत नाही. वजावट म्हणजे तेवढा कर वाचतो असेही नव्हे. ३० टक्क्यांच्या टप्प्यातील व्यक्तीची २ लाखांच्या वजावटीतून उपकरासह ६२,४०० रुपयांची बचत होते. व्याजाचा उरलेला भार तिलाच सोसावा लागतो. त्यामुळे निव्वळ करासाठी कर्ज रेंगाळत ठेवणे शहाणपणाचे नाही.

महागाई मात्र कर्जदाराच्या बाजूने काम करते. वार्षिक ६ टक्के महागाई धरल्यास वीस वर्षांनी भरावयाच्या २६,०३५ रुपयांच्या हप्त्याचे आजचे मोल सुमारे ८,१०० रुपये एवढेच असते. म्हणून साडेबासष्ट लाखांच्या एकूण परतफेडीचा आकडा पाहून धास्तावण्याचेही कारण नाही. त्या काळात कर्जदाराच्या डोक्यावर स्वतःचे छप्पर असते आणि भाडे वाचते, हीही हिशेबाची दुसरी बाजू आहे.

कर्जमुक्तीच्या वेळी

अखेरचा हप्ता भरला की व्यवहार संपला, असे मानू नये. कर्जाची संपूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांच्या आत मालमत्तेची मूळ कागदपत्रे परत करणे आणि बोजा उतरविणे हे १ डिसेंबर २०२३ पासून कर्ज देणाऱ्या संस्थांवर बंधनकारक आहे. त्यांच्याकडून विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. ग्राहकाने बेबाकी प्रमाणपत्र घ्यावे, कागदपत्रांची यादी ताडून पाहावी आणि नोंदीतील बोजा उतरल्याची खातरजमा करावी.

गृहकर्ज हे ओझे ठरते की आधार, हे व्याजदराइतकेच कर्जदाराच्या जागरूकतेवर अवलंबून असते. कर्ज घेण्यापूर्वी शाखेतून परतफेडीचे संपूर्ण वेळापत्रक मागून घ्यावे, कुटुंबासमवेत ते वाचावे आणि दरवर्षी एप्रिलमध्ये शिल्लक मुद्दल व उरलेले हप्ते यांची नोंद घरच्या वहीत करावी. ज्या घरात हा हिशेब सर्वांना ठाऊक असतो, तेथे हप्त्याचा दिवस धास्तीचा राहत नाही.