ॲट्रियसच्या घरची भाऊबंदकी



सुट्टीत नातवंडे आली की त्यांच्याबरोबर ग्रीक देवदेवतांची जाडजूड इंग्रजी पुस्तकेही येतात. यंदा धाकट्याने विचारले, "आजोबा, ॲगामेम्नॉन आणि एजिस्थस कझिन होते ना? मग एकाने दुसऱ्याला का मारले?" आम्हा उभयतांना उत्तर देता आले नाही. मग आम्हीच वाचायला बसलो. वाचता वाचता लक्षात आले की अडचण कथेत नसून 'कझिन' या शब्दात आहे. चुलत, आते, मामे, मावस असे मराठीत लिहून काढले की निम्मा गोंधळ मिटतो. तसे लिहून काढलेले सभासदांसाठी येथे देत आहोत.

या घराण्याचा मूळपुरुष टँटलस हा झ्यूस देवाचा मुलगा. देवांची परीक्षा पाहावी म्हणून त्याने स्वतःचा मुलगा पेलॉप्स याला मारून त्याचेच मांस देवांना वाढले. आपल्याला इथे चिलया बाळाची आठवण होते, पण तिथे मागणारा देव होता आणि इथे फसवणारा माणूस आहे. देवांनी पेलॉप्सला जिवंत केले आणि टँटलसला पाताळात कायमची तहान-भूक दिली. पाणी हनुवटीपर्यंत आणि फळे डोक्यावर. पण प्यायला वाकले की पाणी ओसरते आणि हात वर केला की फांदी दूर जाते.

पेलॉप्सने राजकन्या हिप्पोडॅमियासाठी तिच्या बापाशी रथांची शर्यत लावली. बापाचा सारथी मिर्टिलस याला फितवून रथाच्या चाकाची खीळ मेणाची करवली. बाप मेला आणि लग्न झाले. मग बोली पाळायची सोडून पेलॉप्सने मिर्टिलसलाच समुद्रात ढकलले. बुडता बुडता त्याने पेलॉप्सच्या वंशाला शाप दिला. ग्रीसच्या दक्षिण भागाला आजही पेलोपोनीज, म्हणजे 'पेलॉप्सचे बेट', म्हणतात ते याच्याच नावावरून.

त्याचे मुलगे ॲट्रियस आणि थायस्टीस. मायसीनीच्या गादीवरून दोघांत वाद. थायस्टीसने भावजयीला फितवून गादीची खूण असलेले सोनेरी लोकरीचे मेंढरू लांबवले. ॲट्रियसने समेटाच्या नावाने भावाला जेवायला बोलावले आणि त्याच्याच मुलांचे मांस त्याला वाढले. आजोबांचा गुन्हा असा नातवाने पुन्हा केला म्हणावे, तर टँटलस हा ॲट्रियसचा सख्खा आजोबाच. थायस्टीसचा एक मुलगा मागे उरला, तो एजिस्थस.

ॲट्रियसचे मुलगे ॲगामेम्नॉन आणि मेनेलेअस. म्हणजे एजिस्थस हा त्यांचा सख्खा चुलतभाऊ. नातवाच्या प्रश्नाचे उत्तर एवढेच: ही भाऊबंदकी होती.

आता पुढची नाती पाहा.

– ॲगामेम्नॉनची बायको क्लायटेम्नेस्ट्रा आणि मेनेलेअसची बायको हेलन या बहिणी-बहिणी. म्हणजे बहिणीच जावा झाल्या.
– ॲगामेम्नॉनला हेलन ही धाकटी भावजयही आणि मेहुणीही. तिला परत आणायला तो ट्रॉयवर का गेला, ते यावरून कळते.
– ॲगामेम्नॉनचा मुलगा ओरेस्टीस. मेनेलेअसची मुलगी हर्मायनी त्याची चुलतबहीणही आणि मावसबहीणही. पुढे त्याचे लग्न तिच्याशीच झाले.
– ओरेस्टीसचा जिवलग मित्र पायलाडीस हा त्याचा आतेभाऊ. त्याने ओरेस्टीसच्या बहिणीशी, इलेक्ट्राशी लग्न केले. थोडक्यात, मामाची मुलगी केली!

ट्रॉयला निघालेले आरमार वारा नसल्याने अडकले, तेव्हा ॲगामेम्नॉनने थोरल्या मुलीचा, इफिजेनियाचा बळी दिला. (आर्टेमिस देवीने आयत्या वेळी तिच्या जागी हरिणी ठेवली, असेही एक रूप आहे.) दहा वर्षांनी तो जिंकून परतला. क्लायटेम्नेस्ट्राने मुलीसाठी आणि एजिस्थसने बापासाठी, असा दोघांनी मिळून त्याचा सूड घेतला. मग ओरेस्टीसने बापासाठी आईला मारले.

प्रत्येकाकडे सबळ कारण होते, आणि प्रत्येक कारणामागे आधीच्याचे नाव होते. हे थांबायचे कसे, हा प्रश्न एस्किलस या नाटककाराने इ.स.पू. ४५८ मध्ये अथेन्सच्या रंगभूमीवर तीन नाटकांतून मांडला. तिसऱ्या नाटकात सूडदेवता ओरेस्टीसच्या मागे लागतात. तो विचारतो, माझ्या आईच्या मागे का लागला नाहीत? त्या म्हणतात, नवरा हा रक्ताचा नातलग नव्हे. त्यावर अपोलो म्हणतो, आईसुद्धा नव्हे. ती केवळ बीज सांभाळते, जन्म देतो तो बाप. आपल्या धर्मशास्त्रातला बीज आणि क्षेत्र यांचा वाद असाच आहे. अपोलोचा युक्तिवाद आमच्यापैकी एकीला मुळीच पटला नाही, हे नमूद करायला हवे.

शेवटी अथीना देवी नागरिकांचे न्यायमंडळ बसवते. स्वतःचे मत ती ओरेस्टीसला देते. मते समसमान पडतात, आणि समसमान म्हणजे सुटका. ही सुनावणी अरिओपॅगस टेकडीवर झाली असे मानतात. ग्रीसच्या आजच्या सर्वोच्च न्यायालयाच्या नावात त्याच टेकडीचे नाव आहे.

पण निकाल लागला म्हणून नाटक संपत नाही. सूडदेवता चवताळलेल्याच असतात. अथीना त्यांना हाकलून देत नाही. ती पुन्हा पुन्हा समजावते, मान देते, शहरात राहायला जागा देते, तेव्हा कुठे त्या शांत होतात.

हा भाग आम्ही दोनदा वाचला. आमच्या घराण्यात वडिलोपार्जित घराच्या वाटणीवरून दोन चुलत घरांचे येणे-जाणे बंद झाले, त्याला तीस वर्षे होऊन गेली. कोर्टाचा निकाल केव्हाच लागला. नोकरीत असताना वारसांचे अर्ज आम्ही शेकड्यांनी पाहिले. कागदावर सह्या होऊन पैसे वाटले जात, पण भाऊ बँकेच्या दारातून वेगवेगळे बाहेर पडत.

ग्रीकांची वंशावळ संपल्यावर नातवंडांनी आपलीही काढायला लावली. एका फांदीवर आम्हाला फक्त चुलतभावाचे नाव लिहिता आले. त्याला नातवंडे किती, त्यांची नावे काय, ठाऊक नव्हते. मुलांनी विचारले, "मग फोन करून विचारा ना."

त्या रात्री फोन केला. सुरुवातीला दोन्हीकडे बोलणे सुचेना. मग त्याला तीन नातवंडे आहेत असे कळले. नावे लिहून घेतली.