सकाळची खडखड

सकाळी गाडी सुरू केली की दोन-तीन सेकंद खडखड, मग सगळं शांत. मालक म्हणतो, थंडीमुळे असेल. अनेकदा मात्र टायमिंग चेनचा टेन्शनर झिजलेला असतो. हा छोटा दट्ट्या ऑइलच्या दाबाने चेन ताणून धरतो. रात्रभरात दाब ओसरतो आणि झिजलेल्या टेन्शनरला चेन सावरत नाही. क्रँकशाफ्टचे 2 फेरे म्हणजे कॅमशाफ्टचा 1, हे गणित चेन सांभाळते. ती दात चुकली, तर कित्येक इंजिनांत पिस्टन थेट व्हॉल्व्हवर आदळतो. आधी ऑइलची पातळी बघा. ऑइल कमी असलं तरी असाच आवाज येतो. टेन्शनर बदलताना चेन आणि गाइडपट्ट्याही तपासून घ्या. नवा बसवल्यावर मेकॅनिकने इंजिन हाताने 2 फेरे फिरवून खुणा जुळवल्याशिवाय चावी फिरवू देऊ नका.